लोभाचा इंग्रज भाऊबंद

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

आज मी तुमच्याशी एका शब्दाविषयी बोलणार आहे. शब्द इंग्रजी आहे आणि तो जवळजवळ मेलेला आहे. उच्चार 'लीफ'. झाडाच्या पानाला इंग्रजीत जे म्हणतात त्याच्यासारखाच उच्चार, स्पेलिंग मात्र वेगळं. मी ३० वर्षं महाविद्यालयात इंग्रजी शिकवलं. 'हॅम्लेट' लागलं की तिसऱ्या अंकात हा शब्द वाटेत आडवा यायचाच. राजपुत्र हॅम्लेट नटांना अभिनयाचे धडे देतो तो प्रसंग आठवा. तो त्यांना बजावतो की माझं भाषण सहज, जिभेवरून घरंगळेल असं म्हणा. घसा ताणून ओरडणार असाल, तर त्यापेक्षा गावात दवंडी पिटणाऱ्याने म्हटलेलं परवडलं. हे जे 'परवडलं' आहे, त्या जागी शेक्सपिअरने 'लीफ' योजला आहे. वर्गातली निम्मी मुलं वहीत 'लीफ म्हणजे पान' असं लिहून मोकळी व्हायची. दवंडीवाल्याच्या हातात पान कशाला, असं एखादाच विचारायचा.

शब्दकोश उघडला तर तिथे पहिला अर्थ दिसतो : प्रिय, लाडका, जिवाचा. दुसरा अर्थ : खुशीने, आनंदाने. शेजारी 'जुना प्रयोग' अशी खूण. आता, जिवाचा माणूस ज्या शब्दाने हाक मारून बोलावायचा, तो शब्द 'त्यापेक्षा हे परवडलं' इथवर उतरला कसा? मला या प्रश्नाने पुष्कळ वर्षं धरून ठेवलं आहे.

हजार-अकराशे वर्षांपूर्वीच्या इंग्रजीत त्याचं रूप 'लेओफ' असं होतं. तेव्हाची इंग्रजी आजच्या इंग्रज माणसालाही शिकवणी लावल्याशिवाय वाचता येत नाही. त्या भाषेतलं सर्वांत मोठं काव्य 'बेओवुल्फ'. त्यात एक प्रसंग आहे. डेन्मार्कचा म्हातारा राजा ह्रॉथगार मायदेशी निघालेल्या तरुण बेओवुल्फला निरोप देतो, त्याच्या गळ्यात पडतो, त्याचं चुंबन घेतो आणि रडतो. आपल्याला हा मुलगा पुन्हा दिसणार नाही हे त्याला आतून कळलेलं असतं. तो राजाला किती प्रिय होता हे सांगताना कवी जो शब्द वापरतो तो 'लेओफ'. एकमेकांचे कोणी न लागणारे दोन पुरुष, दोघेही योद्धे. त्यांच्यातल्या मायेला हा शब्द चालत होता. स्त्रीपुरुषांच्या प्रेमापुरता तो तेव्हा कोंडलेला नव्हता.

नावांतही तो होता. लेओफ्रिक म्हणजे 'लाडका राजा' असं काहीसं, लेओफ्विन म्हणजे 'लाडका मित्र'. उघड्या अंगाने घोड्यावरून नगरात फिरल्याची दंतकथा जिच्याभोवती आहे त्या लेडी गोडायव्हाचा नवरा हा लेओफ्रिकच. तो १०५७ मध्ये वारला. लेओफ्विन हा इंग्लंडच्या हॅरॉल्ड राजाचा भाऊ, १०६६ मध्ये हेस्टिंग्जच्या लढाईत राजाबरोबर पडला. नॉर्मन फ्रेंच राज्यावर आले आणि ही नावं मागे पडली. लेविन या आडनावात मात्र तो 'लाडका मित्र' अजून जिवंत आहे.

पण मला सर्वांत आवडतो तो या शब्दाचा पत्रातला वापर. कँटरबरीच्या कॅथीड्रलमध्ये चामड्याच्या एका तुकड्यावर लिहिलेलं एक पत्र जपून ठेवलं आहे. इंग्रजी भाषेत लिहिलेल्या आणि आजवर टिकलेल्या अगदी जुन्या पत्रांपैकी ते एक. दहाव्या शतकाच्या सुरुवातीचं. एडवर्ड राजाला लिहिलेलं. त्या पत्राचा पहिलाच शब्द आहे 'लेओफ'. म्हणजे, 'प्रिय'. राजाला! लिहिणाऱ्याने आपलं नाव दिलेलं नाही, पण तो ऑर्डलाफ नावाचा सरदार असावा असं बहुतेक अभ्यासक मानतात.

आता तुम्हाला वाटेल, पत्रात मोठं प्रेमाचं काही असेल. छे! पत्र आहे जमिनीच्या भांडणाचं. विल्टशरमधल्या फाँटहिल इथल्या जमिनीवर एकाने दावा सांगितला आहे आणि हा गृहस्थ राजाला सगळी हकीकत लिहून कळवतो आहे. हकीकत अशी की हेल्मस्टान नावाच्या माणसाने कुणाचा तरी कमरपट्टा चोरला. चोर ठरल्यावर त्याची पत गेली आणि लोक लगेच त्याच्या जमिनीवर हक्क सांगायला धावले. (हे चित्र आपल्याला काही अनोळखी नाही.) पत्र लिहिणारा त्याचा धर्मपिता. तो राजा आल्फ्रेडकडे रदबदली करायला गेला. राजा तेव्हा दालनात उभा राहून हात धूत होता. हात धुणं झालं आणि मग राजाने निवाडा दिला, असं तो लिहितो. धर्मपित्याने हेल्मस्टानची बाजू सावरली आणि त्या बदल्यात जमीन आपल्या नावावर करून घेतली. हेल्मस्टानला ती हयातीपुरती कसायला दिली. मग या पठ्ठ्याने पुढे गुरं चोरली. पळताना काटेरी झुडपाने तोंड ओरबाडलं आणि तो ओरखडाच त्याच्याविरुद्ध पुरावा ठरला. शेवटी तो आल्फ्रेडच्या समाधीपाशी गेला, तिथून शिक्का आणला, आणि नव्या राजाने त्याला अभय दिलं.

कज्ज्याची कागदपत्रं कंटाळवाणी असतात असं कोणी म्हणालं, तर त्याला हे पत्र वाचायला द्यावं. आणि एवढ्या चोऱ्या, दावे, शपथा, बैल यांच्या माथ्यावर पहिला शब्द कोणता? 'प्रिय.' पत्राच्या पाठीवर शेवटी एक छोटी नोंदही आहे की दावा सांगणाऱ्याने तो सोडून दिला.

खरं सांगायचं तर त्या काळात 'लेओफ' हे वरिष्ठांना उद्देशून वापरायचं नेहमीचं संबोधन झालं होतं. आपण 'महाराज' किंवा 'साहेब' म्हणतो तसं. लॅटिन शिकणाऱ्या मुलांसाठी एल्फ्रिक नावाच्या धर्मगुरूने सुमारे १००० साली लिहिलेला एक संवाद आहे. त्यात नांगऱ्या आपले हाल सांगतो. लॅटिन ओळींवर कुणीतरी इंग्रजी शब्द लिहून ठेवले आहेत. तिथे लॅटिनमधल्या 'माझ्या धन्या'च्या डोक्यावर इंग्रजीत 'लेओफ' धनी आलेला दिसतो. कडाक्याच्या थंडीत पहाटे बैल हाकणारा नांगऱ्या धन्याला 'प्रिय' म्हणतो, तेव्हा त्यात माया किती आणि रीत किती, कोण मोजणार?

पुढच्या तीनचारशे वर्षांत या शब्दाला एक जोडीदार मिळाला, 'लोथ'. नकोसा, नावडता. 'लीफ असो की लोथ असो' म्हणजे आपलं 'आवडो न आवडो'. गंमत बघा, यातला 'लोथ' अजून जगतो आहे. एखादी गोष्ट करायला मन घेत नाही हे सांगायला इंग्रजीत तो आजही सर्रास वापरतात. जोडीतला गोड शब्द गेला, कडू राहिला.

त्याच्या एका लेकराची तर फारच आबाळ झाली. 'लीफ' आणि 'मॅन' मिळून 'लेमन' झाला. फळ नव्हे, प्रियकर किंवा प्रेयसी. आधी तो इतका निर्मळ होता की भक्त ख्रिस्तालाही याच शब्दाने आळवीत. मग तो घसरत घसरत चोरून ठेवलेल्या बाईपर्यंत आला. चॉसर १४०० साली वारला, त्याच्या 'कँटरबरी टेल्स'मध्ये एक कथेकरी हा शब्द तोंडून गेल्याबद्दल श्रोत्यांची क्षमा मागतो आणि लगेच उलटून म्हणतो की घराण्यातली बाई चुकली तर तिला 'लेडी' म्हणतात, गरिबाची बाई चुकली तर तीच 'लेमन', फरक काय तो इतकाच. सहाशे वर्षांपूर्वीच्या माणसाने हे लिहावं! आपल्याकडे 'यार' या शब्दाचं काय झालं ते आठवा. मित्र मित्राला 'यार' म्हणतो ते वेगळं, आणि 'तिचा यार' म्हणताना आवाज खाली येतो ते वेगळं.

शेक्सपिअरपाशी पोचेतो 'लीफ' थकलेला आहे. 'सहावा हेन्री'च्या दुसऱ्या भागात फ्रान्सहून आलेली राणी मार्गारेट नवऱ्याला 'सर्वांहून प्रिय' असं म्हणताना या शब्दाचं एक लांबलचक, तेव्हाही जुनाट वाटणारं रूप वापरते. ते दरबारी पोशाखासारखं आहे, पेटीतून काढून एका दिवसापुरतं घातलेलं. बाकी नाटकांत तो येतो तो ठरावीक वाक्प्रचारात : 'मला हे तितक्याच खुशीने चालेल.' आणि बहुतेक वेळा 'चालेल' हे कुठल्यातरी नकोशा गोष्टीविषयी असतं. 'ज्युलियस सीझर'मधला कॅशियस ब्रूटसला म्हणतो की आपल्यासारख्याच माणसाला भिऊन जगण्यापेक्षा न जगणं मला तितकंच चालेल. तिथे 'लीफ' आणि जगणे या अर्थाचा 'लिव्ह' यांचा शेक्सपिअरने कानाला सुखावणारा खेळ केला आहे. खेळ सुंदर, पण शब्दातून माणूस निघून गेला आहे. आवड राहिली, तीही दोन वाईटांतल्या निवडीपुरती.

त्याची जागा घेतली 'डिअर'ने. हाही जुनाच शब्द, याच्या पोटात 'महाग' आणि 'प्रिय' असे दोन अर्थ पहिल्यापासून नांदतात. व्यापारी देशाला तो मानवला असेल, असं म्हणायचा मोह होतो. पण लॅटिनमध्येही 'कारुस' म्हणजे प्रिय आणि महाग, आणि आपणही लेकराला 'लाखमोलाचा' म्हणतोच की. तेव्हा त्यांना हसायला नको. राजाच्या पत्रात 'लेओफ' जिथे होता तिथे आज 'डिअर' आहे, आणि बँक आपल्याला 'डिअर कस्टमर' असं लिहून हप्ता थकल्याचं कळवते. फाँटहिलच्या पत्राची ती थेट परंपराच म्हणायची.

'लीफ' गेला म्हणालो, पण त्याची भावंडं आपण रोज वापरतो. कचेरीत आपण 'लीव्ह' मागतो. परवानगी, रजा. हा शब्द याच धातूतून आला आहे. मूळ अर्थ, समोरच्याची खुशी. साहेबाची खुशी असेल तर आपण घरी जायचं. सोडून जाणे या अर्थाचा 'लीव्ह' वेगळा, त्याचं गोत्र निराळं; दोघांची पुढे गल्लत झाली. आणि आपला 'रजा' हा शब्द? तो अरबीतून फारसीमार्गे आला, आणि त्याचाही मूळ अर्थ संतोष, राजीपणा असाच. 'राजी' आणि 'राजीनामा' हे त्याचेच सगेसोयरे. दूरच्या दोन भाषांनी कामावरून सुटण्याला समोरच्याच्या खुशीत बसवावं, याची मला मौज वाटते. अर्ज करणाऱ्याला ती वाटत नसेल.

विश्वास ठेवणे या अर्थाचा 'बिलीव्ह' हाही याच घरातला. ज्याला जिवाशी धरलं त्याच्यावर विश्वास टाकला, अशी त्याची वाट. दिवसभर या अर्थी इंग्रजीत 'लिव्हलाँग' असा एक शब्द आहे. त्यातला 'लिव्ह' जगण्याचा नव्हे, तो आपला 'लीफ'. म्हणजे मुळात तो 'लाडका लांब दिवस' होता. आणि 'लव्ह' तर सख्खाच.

आता घराच्या मूळ पुरुषाकडे येतो. कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीपुढे १७८६ मध्ये विल्यम जोन्सने सांगितलं की संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन यांच्यातलं साम्य योगायोगाचं असणं शक्य नाही, त्या एकाच मुळातून फुटल्या असाव्यात. तेव्हापासून पंडितांनी शब्दांच्या ज्या वंशावळी मांडल्या, त्यांत 'लीफ' आणि 'लव्ह' यांच्या शेजारी रशियन 'ल्युबोव्ह', लॅटिन 'लिबिदो' आणि संस्कृत 'लुभ्' हा धातू बसतो. लुभ् पासून लोभ. लुब्ध. लुब्धक म्हणजे शिकारी.

एकाच बीजाची झाडं किती वेगळी वाढली! रशियन माणसाचं ते प्रेम झालं. लॅटिनमध्ये ते वासनेकडे कललं. आणि संस्कृतात ते षड्रिपूंत जाऊन बसलं; काम, क्रोध, आणि तिसरा लोभ. इंग्रजांच्या बायबलमध्ये प्रेमाला जे स्थान, त्याच्या भावाला आपल्या शास्त्रांत शत्रूचं.

पण मराठीने इथे शास्त्राचं सगळं ऐकलं नाही. मुलाचं रूप आपण 'लोभस' म्हणतो, त्यात कुणाला हाव दिसत नाही. आणि आपली पत्रं! 'कळावे, लोभ असावा ही विनंती.' पेशवाईतल्या पत्रांच्या अखेरीस 'बहुत काय लिहिणे, लोभ असो दीजे' असं येतं. मोहिमा, वसुली, रुसवे, कर्ज, सगळं लिहून झाल्यावर लोभ. या लोभाचा अर्थ निव्वळ माया. आमच्यावर तुमची माया राहू द्या, एवढंच मागणं. इंग्रजाने पत्राच्या माथ्यावर जो शब्द ठेवला होता, त्याचाच भाऊबंद आपण पायाशी ठेवला. एकाला दुसऱ्याची खबर नव्हती.

रीत म्हणून लिहिलेल्या शब्दांना अर्थ उरत नाही, असं म्हणतात. मला ते पटत नाही, आणि त्याला कारण आमच्या घरातलं आहे. माझे वडील नोकरीनिमित्त शहरात, धाकटे काका कोकणात गावी. विहीर आणि तिच्याकडेची कलमं यांवरून दोघांत बिनसलं, दावा तालुक्याच्या कोर्टात गेला. बोलणं बंद झालं, पत्रं मात्र चालू राहिली. कारण सारा भरणं, देवीचा उत्सव, आजीचं औषध हे कोणीतरी कळवायलाच हवं होतं. काकांचं कार्ड यायचं. वर 'ती. दादांस शि. सा. न. वि. वि.', मध्ये वकिलाने सांगून लिहिल्यासारखा कोरडा मजकूर, आणि खाली 'कळावे, लोभ असावा ही विनंती.' वडील ते वाचून खिळ्याला अडकवत.

एकदा कार्ड आलं ते नुसत्या 'कळावे'वर संपलं. वडिलांनी ते उलटून पत्त्याची बाजू पाहिली. पुन्हा सुलटं केलं. आईला म्हणाले, "गावी काहीतरी झालंय." दुसऱ्या दिवशी पहाटेची एसटी धरून ते गेले. मी बरोबर होतो. काका ओटीवर सुपाऱ्या फोडत बसले होते, दचकून उभे राहिले. वडिलांनी वहाणाही न काढता खिशातून कार्ड काढलं आणि विचारलं, "हे काय?"

काकांनी कार्ड निरखलं आणि म्हणाले, "दादा, खाली जागाच उरली नव्हती."

वडील म्हणाले, "मग वरचं विहिरीचं कमी लिहायचं."

काकू हसल्या आणि आत पानं घ्यायला गेल्या. दावा पुढे ६ वर्षं चालला. कार्डं येत राहिली, आणि काकांचं अक्षर शेवटच्या ओळीपाशी इतकं बारीक होई की लोभ वाचायला भिंग लागे.

तेव्हा रीत म्हणून लिहिलेल्या शब्दात काही नसतं, हे मी कसं मानू? रोज लिहिताना तो दिसत नाही, गाळला की दिसतो. मला तर वाटतं, मायेच्या अर्थाचा 'लोभ' मराठीत टिकला तो बराचसा या पत्रांच्या शेवटच्या ओळीमुळेच. साखरेच्या पाकात फोड टिकते तसा. इंग्रजांनी पत्रातली जागा 'डिअर'ला दिली आणि 'लीफ'च्या अंगावरचा पाकच गेला. आता आपलीही पत्रं थांबली आहेत. मोबाइलवरच्या निरोपाला शेवटची ओळ नसते. 'लोभ असावा' आता लग्नपत्रिकांत आणि निवृत्तीच्या निरोप समारंभात भेटतो.

'लीफ'ची शेवटची धडपडही सांगतो. पुस्तकांतून तो ओसरला तरी खेड्यापाड्यांतल्या बोलीत, विशेषतः अमेरिकेत, तो 'चालेल' या अर्थाने रेंगाळत राहिला. हळूहळू बोलणाऱ्यांना मूळ शब्दच उमगेना. तेव्हा त्यांनी त्याच्या जागी ओळखीचा 'लीव्ह' बसवला, आणि 'मी तितक्याच लीव्हने ते करीन' असं काहीसं म्हणू लागले. व्याकरणाचे मास्तर त्यांना अडाणी म्हणतात. पण परवानगीचा 'लीव्ह' त्याच कुळातला, हे मघाशी पाहिलंच. तेव्हा त्या अडाण्यांनी परक्याला नव्हे, चुलत्यालाच गादीवर बसवलं.

समुद्रापलीकडे हॉलंडमध्ये मात्र हा शब्द ठणठणीत आहे. तिथे 'लीफ' म्हणजे आजही गोड, प्रेमळ, शहाण्यासारखं वागणारं. आई हट्टी पोराला 'लीफ हो' म्हणून समजावते. आणि नात आजीला चार ओळी लिहायला बसते, तेव्हा तिचा पहिला शब्द असतो 'लीव्हे'.